वीजचोरीचा ठपका आला तर आधी कलम बघा: कोकणातल्या वीजग्राहकांसाठी

भरारी पथक येऊन गेलं, मीटर काढून नेलं आणि हातात लाखाच्या घरातला कागद पडला, की बहुतेक माणसं दोनांपैकी एक गोष्ट करतात. एक तर घाबरून साहेब सांगतील तिथे सही करतात आणि सांगतील तेवढे भरतात. नाहीतर 'आम्ही चोरी केलीच नाही, मग घाबरायचं कशाला' म्हणून तो कागद कपाटात टाकतात, आणि मुदती उलटून जातात. दोन्हींत पाय खोलात जातो तो ग्राहकाचाच.

चोरी केली की नाही, हा प्रश्न नंतरचा. पहिला प्रश्न असा, की हा कागद कोणत्या कलमाखाली आलाय? विद्युत अधिनियम 2003 मध्ये या एकाच घटनेला तीन वेगळ्या वाटा आहेत. प्रत्येक वाटेवरचा अधिकारी वेगळा, मुदत वेगळी, दाद मागायचं ठिकाण वेगळं. चुकीच्या दारात सहा महिने घालवले तर खऱ्या दाराला तोवर कुलूप लागलेलं असतं.

तीन वाटा

पहिली वाट कलम 126 ची, म्हणजे अनधिकृत वीजवापराची. फेरफार केलेल्या मीटरमधून वापर, मंजूर कारणापेक्षा वेगळ्या कारणासाठी वापर, किंवा मंजूर जागेबाहेर वीज नेणं हे सगळं त्यात येतं. ही दिवाणी स्वरूपाची आकारणी आहे. इथे तुमचा हेतू वाईट होता हे कंपनीला सिद्ध करावं लागत नाही.

दुसरी वाट कलम 135 ची. ही फौजदारी. तारेवर आकडा टाकणं, मीटरला बगल देऊन वायर जोडणं, मीटरमध्ये फेरफार करणं, हे सगळं 'अप्रामाणिकपणे' केलं असेल तर ती चोरी. शिक्षा 3 वर्षांपर्यंत कैद किंवा दंड किंवा दोन्ही. पहिल्यांदा दोषी ठरलात तर दंड मिळालेल्या आर्थिक फायद्याच्या तिपटीपेक्षा कमी नाही, पुन्हा ठरलात तर सहापटीपेक्षा कमी नाही. भार 10 किलोवॅटच्या वर असेल आणि दुसऱ्यांदा दोषी ठरलात तर किमान 6 महिने ते 5 वर्षं कैद आहे. नुसतं सील तोडणं, किंवा तोडलेली जोडणी परस्पर जोडून घेणं यासाठी कलम 138 वेगळं आहे.

तिसरी वाट साध्या मीटरदोषाची. मीटर बंद पडला, हळू फिरला, जळला, किंवा कार्यालयाने गुणक (मीटरचं रीडिंग ज्याने गुणून युनिट काढतात तो आकडा) चुकीचा लावला. यात कोणावर ठपका नसतो, फक्त बिल दुरुस्त होतं.

घोळ होतो तो पहिल्या दोन वाटांत, कारण 'फेरफार केलेला मीटर' आणि 'मंजूर कारणाबाहेर वापर' हे शब्द 126 मध्येही आहेत आणि 135 मध्येही. फरक अप्रामाणिक हेतूचा. सर्वोच्च न्यायालयाने ओडिशातल्या सीताराम राइस मिलच्या खटल्यात 2011 साली हा फरक नीट उलगडून सांगितला आहे. म्हणून कागद हातात आला की त्यावरचा कलमाचा आकडा आधी शोधा. लिहिलेला नसेल तर त्याच दिवशी लेखी अर्ज देऊन विचारा आणि अर्जाच्या प्रतीवर आवक शिक्का घ्या.

पथक दारात उभं असताना

अडवू नका, हुज्जत घालू नका, आणि ते यायच्या आधी किंवा ते उभे असताना वायरला हात लावू नका. शेवटची गोष्ट मी मुद्दाम सांगतो. कोणी तरी फोन करून कळवतं, 'वाडीत पथक आलंय', आणि घरातलं पोर धावत जाऊन मीटरपाशी काही तरी काढायला लागतं. तिथे काही नसलं तरी तेवढ्यावरून संशय पक्का होतो. शिवाय पावसाळ्यात ओल्या हाताने हे करताना माणसं जिवानिशी जातात.

ओळखपत्र मागा. झडतीचा अधिकार राज्य सरकारने अधिकृत केलेल्या अधिकाऱ्यालाच आहे, त्यामुळे 'आपलं नाव आणि पद सांगा' हे विचारण्यात उद्धटपणा काही नाही. राहत्या घराची झडती सूर्यास्तानंतर आणि सूर्योदयाआधी घेता येत नाही. त्याला अपवाद एकच, त्या घरात राहणारा प्रौढ पुरुष हजर असला तर. झडतीच्या वेळी घरात राहणाऱ्याने किंवा त्याच्या वतीने कोणीतरी हजर राहायचं असतं, आणि जप्त केलेल्या वस्तूंची यादी करून त्यावर त्याची सही घ्यायची असते. या गोष्टी कलम 135 मध्येच लिहिलेल्या आहेत.

मग स्थळ पाहणी अहवाल येतो. एवढा एक कागद शांतपणे वाचा, बाकी सगळं त्याच्यावर उभं राहतं. त्यात मीटर क्रमांक, सीलचे क्रमांक, त्या क्षणाचं रीडिंग, जोडभाराची, म्हणजे जोडलेल्या उपकरणांच्या एकूण वीजक्षमतेची, यादी आणि निरीक्षणाचा रकाना असतो. जोडभाराच्या यादीत काय लिहिलंय ते घरात फिरून ताडून बघा. बंद पडलेला जुना फ्रीज, माळ्यावर ठेवलेला पंखा, शेजाऱ्याचा दुरुस्तीला आणलेला मोटरपंप, हे सगळं भारात धरलं तर आकारणी फुगते. निरीक्षणाच्या रकान्यात 'ग्राहकाने मीटरमध्ये फेरफार केला' असं सरसकट वाक्य असेल, तर खाली स्वतःच्या हाताने लिहा: 'वरील निरीक्षण मला मान्य नाही. मी मीटर किंवा सील हाताळलेलं नाही. फक्त हजर असल्याची सही.' आणि मग सही करा. सही करायलाच नकार देण्यापेक्षा हे कितीतरी चांगलं, कारण नकार दिला की अहवालावर 'सही करण्यास नकार' एवढंच उरतं आणि तुमची बाजू कुठेच उमटत नाही.

अहवालाची प्रत तिथेच मागा. मिळाली नाही तर मोबाईलवर प्रत्येक पानाचा फोटो घ्या. मीटरचेही फोटो घ्या: लांबून जागा दिसेल असा, जवळून सील दिसेल असा, आणि रीडिंगचा.

समुद्राकाठी सीलचा मुद्दा फार महत्त्वाचा आहे. देवगड, मालवण, हर्णै, श्रीवर्धनकडच्या जुन्या घरांत मीटर पडवीच्या भिंतीवर, अर्धा उघड्यावर असतो. खाऱ्या वाऱ्याने सीलची तार गंजते, हिरवी पडते आणि बोट लागताच तुटते. पेटीत मुंग्या वारूळ करतात, पाली अंडी घालतात. गंजून तुटलेल्या तारेचं टोक खडबडीत आणि बारीक झालेलं असतं, कापलेल्या तारेचं टोक स्वच्छ आणि चपटं असतं. जवळून काढलेल्या एका फोटोत हा फरक दिसतो, आणि पुढे 'सील तुटलेलं आढळलं' एवढ्या वाक्याला तो फोटो उत्तर देतो.

मीटर काढून नेणार असतील तर तो तुमच्यासमोर पाकिटात घालून सीलबंद व्हायला हवा, पाकिटावर तुमची आणि पंचांची सही हवी. उघडा मीटर गाडीत टाकून नेला तर ते अहवालावर लिहा. नेलेला मीटर आणि तपासलेला मीटर तोच होता का, हा प्रश्न पुढे अनेक खटल्यांत निर्णायक ठरतो.

चाकरमान्यांची बंद घरं

आपल्याकडे निम्म्या वाड्या वर्षातले दहा महिने बंद असतात. गणपतीत आणि मे महिन्यात घर उघडतं, बाकी वेळ किल्ली राखणदाराकडे किंवा चुलत्यांकडे. अशा घराचं युनिट कमी येणारच. पण संगणकावर ते 'संशयास्पद कमी वापर' म्हणून दिसतं आणि घर तपासणीच्या यादीत येतं.

इथे एक गोष्ट मुंबईत बसलेल्यांनी ध्यानात ठेवावी. कलम 126 चा तात्पुरत्या आकारणीचा आदेश जागेचा ताबा असलेल्या किंवा जागा सांभाळणाऱ्या माणसावर बजावता येतो. म्हणजे राखणदाराने कागद घेतला की मुदत सुरू. त्याने तो देवघराच्या कोनाड्यात ठेवला आणि 'दादा गणपतीला येतील तेव्हा देऊ' म्हटलं तर सगळं हातचं जातं. त्याला आजच सांगून ठेवा: वीज कार्यालयाचा कोणताही कागद आला तर त्याच दिवशी फोटो काढून पाठवायचा, आणि पाकिटावर मिळाल्याची तारीख लिहायची.

घर बंद होतं हे दाखवायला कागद लागतात. मुंबईतल्या घराची वीजबिलं, नोकरीच्या ठिकाणचा हजेरीचा दाखला, मुलांच्या शाळेचे दाखले, कोकण रेल्वेची तिकिटं, ग्रामपंचायतीचा घर बंद असल्याचा दाखला. एकेकटा कागद फार काही सांगत नाही, पण पाच एकत्र आले की 'बारा महिने रोज आठ तास वापर' हे गृहीतक टिकणं अवघड होतं.

मीटरच्या पोटातली नोंद

इलेक्ट्रॉनिक मीटर नुसतं युनिट मोजत नाही. झाकण कधी उघडलं, चुंबकाचा प्रभाव कधी आला, एखाद्या फेजचा प्रवाह कधी गायब झाला, याच्या तारीख-वेळेसह नोंदी अनेक मीटरांत राहतात. त्या यंत्राने उतरवून घेतात आणि त्याचा छापील अहवाल निघतो. तो लेखी मागा. झाकण उघडल्याची एकही नोंद नसताना 'आतून फेरफार' हा आरोप असेल, तर कंपनीला ते समजावून सांगावं लागेल. उलट नोंद असेल आणि तारीख तुम्ही घर घ्यायच्या आधीची असेल, तर तीही तुमच्या बाजूची.

प्रयोगशाळेतली तपासणी तुमच्या समक्ष व्हावी अशी मागणी करा आणि तारीख लेखी कळवायला सांगा. बोलावलं तर जाच. सोबत माहितीतला एखादा परवानाधारक विद्युत ठेकेदार न्या, कारण शंट, सी.टी., टक्क्यांतली चूक हे शब्द भराभर बोलले जातात आणि आपण मान डोलावून येतो.

तिसरा पुरावा बहुतेकांच्या डोक्यातच येत नाही: नवा मीटर बसल्यावरचा वापर. जुना मीटर अर्धीच वीज मोजत होता असं म्हणणं असेल, तर नव्या मीटरवर युनिट साधारण दुप्पट यायला हवेत. तीन-चार बिलं आली आणि युनिट पूर्वीएवढेच राहिले, तर तुमच्या हाती हुकमाचा पत्ता आला. मागच्या दोन वर्षांचं आणि पुढच्या काही महिन्यांचं वापराचं पत्रक कार्यालयातून घ्या आणि त्याच महिन्यांची तुलना करा. मे महिन्याशी ऑगस्ट ताडून बघण्यात अर्थ नाही.

महावितरण सार्वजनिक प्राधिकरण आहे. सरळ मागून कागद मिळाले नाहीत तर माहिती अधिकार कायदा 2005 खाली 10 रुपयांचा अर्ज करा, 30 दिवसांत उत्तर द्यावं लागतं. पण हरकतीची मुदत त्या अर्जासाठी थांबत नाही.

आकारणीचं गणित

वीज मीटरने मोजलीच गेली नाही असं म्हणणं असेल तर युनिट अंदाजाने काढतात. भार गुणिले दिवस गुणिले तास गुणिले एक घटक, म्हणजे सगळी उपकरणं सतत पूर्ण भाराने चालत नाहीत हे धरणारा आकडा. मुदत ठरवता येत नसेल तर तपासणीच्या आधीचे 12 महिने धरतात, आणि दर लागतो तुमच्या वर्गवारीच्या दुप्पट.

हर्णै बंदराजवळचं एक काल्पनिक मासळीचं दुकान घ्या. भार 3 किलोवॅट, रोज 8 तास, 365 दिवस, घटक 0.5. झाले 4,380 युनिट. हिशेबापुरता दर 10 रुपये धरला तर दुपटीने 87,600 रुपये. आता बारकाईने बघा. 1 जून ते 31 जुलै यांत्रिक मासेमारीला बंदी असते. त्या 61 दिवसांत दुकान बंद होतं हे दाखवलं तर दिवस उरतात 304, युनिट 3,648, रक्कम 72,960. आणि ज्या फ्रीझरवरून ठपका आला तो 1 ऑक्टोबरला घेतल्याची पावती आहे, तपासणी 1 फेब्रुवारीची आहे, तर दिवस फक्त 123. युनिट 1,476, रक्कम 29,520. एका पावतीने 58 हजारांचा फरक पडला. ठपका पूर्ण खोडता आला नाही तरी मुदत, तास आणि भार यांवर भांडता येतं, आणि बहुतेक वेळा खरा दिलासा तिथेच मिळतो. त्या काळात मीटरप्रमाणे भरलेले युनिट वजा केलेत का, तेही बघा.

प्रश्न फक्त वर्गवारीचा असेल, म्हणजे घरगुती मीटरवर पर्यटकांच्या खोल्या चालवल्या असा, आणि मीटर ठणठणीत असेल, तर युनिट मीटरने मोजलेलेच आहेत. तिथे अंदाजाचं गणित लावलं असेल तर ती हरकतीत पहिल्या क्रमांकाची गोष्ट.

126 ची लढाई: हरकत, मग अपील

तात्पुरता आदेश मिळाल्यापासून 7 दिवसांत तुम्ही तो मान्य करून पैसे भरू शकता. मान्य नसेल तर हरकत द्यायची. आकारणी करणाऱ्या अधिकाऱ्याने (निर्धारण अधिकारी) सुनावणी देऊन, तात्पुरता आदेश बजावल्यापासून 30 दिवसांत अंतिम आदेश करायचा असतो. हरकतीसाठी शेवटचा आठवडा गाठू नका, तेही 7 दिवसांत द्या. मजकूर साधा ठेवा:

'प्रति, मा. निर्धारण अधिकारी. विषय: ग्राहक क्रमांक अमुक, दिनांक अमुकच्या तात्पुरत्या आकारणी आदेशावर विद्युत अधिनियम 2003 कलम 126(3) नुसार हरकत. महोदय, वरील आदेश मला दिनांक अमुक रोजी मिळाला. त्यातील आकारणी मला मान्य नाही. एक, जोडभारात बंद असलेली अमुक उपकरणं धरली आहेत. दोन, वापराची मुदत 12 महिने नसून अमुक तारखेपासूनची आहे, पावती सोबत जोडली आहे. तीन, मीटर माझ्या समक्ष सीलबंद केला नाही. स्थळ पाहणी अहवाल, मीटर तपासणी अहवाल, मीटरमधील नोंदींचा अहवाल आणि आकारणीचा तपशील यांच्या प्रती मिळाव्यात आणि त्यानंतर सुनावणीची तारीख द्यावी.'

सुनावणीला कागदांची फाईल घेऊन जा. तोंडी बोललेलं लिहून घेतलं जाईलच असं नाही, म्हणून निघताना तेच मुद्दे लेखी देऊन पोच घ्या.

अंतिम आदेश विरोधात गेला तर 30 दिवसांत कलम 127 खाली अपील. महाराष्ट्रात हे अपील राज्य सरकारच्या विद्युत निरीक्षकाकडे जातं, वीज कंपनीच्या वरच्या साहेबाकडे नाही. अपील दाखल करून घ्यायला आकारणीच्या रकमेचा निम्मा भाग आधी भरावा लागतो. 30 दिवस उलटूनही रक्कम थकली तर दर साल 16 टक्के व्याज, तेही सहामाही चक्रवाढीने. आणखी एक फास आहे: अंतिम आदेश तुमच्या संमतीने झाला असेल तर अपीलच करता येत नाही. म्हणून 'चला, मिटवून टाकू, इथे संमती लिहा' असं सुनावणीत म्हटलं गेलं, तर सही करण्याआधी रकमेचा पूर्ण विचार करा. संमती दिली की तो रस्ता तिथेच संपतो.

अपिलातला निर्णय अंतिम. त्यापुढे फक्त उच्च न्यायालयात रिट याचिका. रत्नागिरी आणि सिंधुदुर्गकरांसाठी ऑगस्ट 2025 पासून मुंबई उच्च न्यायालयाचं कोल्हापूर सर्किट बेंच सुरू झालं आहे. रायगड, ठाणे, पालघरसाठी मुंबईच. दिवाणी न्यायालयात दावा लावून 126 ची आकारणी थांबवता येत नाही, कलम 145 तसं स्पष्ट सांगतं. आणि जिल्हा ग्राहक आयोगातही नाही. सर्वोच्च न्यायालयाने उत्तर प्रदेश पॉवर कॉर्पोरेशनच्या 2013 च्या निकालात 126 ची आकारणी आणि 135 ते 140 चे गुन्हे ग्राहक मंचांच्या कक्षेबाहेर ठेवले आहेत. तरीही 'ग्राहक कोर्टात जा' हा सल्ला आजही नाक्यावर दिला जातो आणि लोकांचे 30 दिवस त्यात वाया जातात.

135 लागलं असेल तर

चोरी आढळल्याबरोबर वीज तोडता येते, पण तो अधिकार ठरावीक दर्जाच्या अधिकाऱ्यालाच आहे. तोडल्यापासून 24 तासांत पोलिसांत लेखी तक्रार द्यायची असते. आकारणीची रक्कम भरली की 48 तासांत वीज परत जोडून द्यायला हवी. वीज कधी तोडली, तक्रार कधी दिली, पैसे कधी भरले, वीज कधी आली, या चार वेळा लिहून ठेवा.

इथेच लोकांची मोठी गैरसमजूत होते. आकारणी भरली म्हणजे गुन्हा मिटला, असं नाही. कायद्यात स्वच्छ लिहिलंय, की पैसे भरून वीज जोडली तरी तक्रार देण्याची कंपनीची जबाबदारी राहते. वीज हवी म्हणून भरायचेच असतील तर सोबत पत्र द्या: 'गुन्हा मान्य नाही, हक्क राखून आणि आक्षेपासह भरणा करत आहे.'

गुन्हा मिटवायचा रस्ता कलम 152 चा, तडजोडीचा. ही रक्कम आकारणीहून वेगळी. कायद्यातल्या तक्त्यानुसार लघुदाबाला, म्हणजे घरं-दुकानांच्या कमी दाबाच्या पुरवठ्याला, मंजूर भाराच्या दर किलोवॅट किंवा अश्वशक्तीमागे औद्योगिक 20,000, व्यापारी 10,000, शेती 2,000 आणि इतर 4,000 रुपये. राज्य सरकारला हे दर बदलता येतात, त्यामुळे भरण्याआधी सध्याचा दर विचारा. 3 किलोवॅटच्या घराला तक्त्याप्रमाणे 12,000, 5 किलोवॅटच्या खानावळीला 50,000. तडजोड झाली की खटला चालत नाही आणि कायदा तिला निर्दोष सुटकेसारखं मानतो. पण ती एका ग्राहकाला आयुष्यात एकदाच मिळते.

खरंच चोरी झाली असेल, मग ती तुम्ही केली असो किंवा भाडेकरूने, तर माझा सल्ला सरळ आहे. आकारणीचं गणित तपासा, चूक असेल तेवढी दुरुस्त करून घ्या, पैसे भरा, तडजोड करा. खोटे साक्षीदार उभे करून पाच वर्षं कोर्टाच्या पायऱ्या झिजवू नका. पण चोरी केलेलीच नसेल, तर केवळ भीतीपोटी तडजोड करू नका. ती एकुलती एक संधी तुम्ही न केलेल्या गोष्टीसाठी खर्चून बसता.

हा गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र आहे. गुन्हा दाखल झाल्याचं कळलं की वकील गाठा आणि भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 482 खाली अटकपूर्व जामिनाचा विचार करा. पोलिसांनी त्याच संहितेच्या कलम 35(3) ची हजर राहायची नोटीस दिली तर ठरलेल्या दिवशी जा. चुकवली तर अटकेला कारण मिळतं. वकील परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करा. महिला, अनुसूचित जाती-जमातीचे लोक आणि उत्पन्नमर्यादेत बसणारे यांना तिथे मोफत वकील मिळतो. राष्ट्रीय लोक अदालतीतही वीजेची तडजोडपात्र प्रकरणं घेतात.

खटला विशेष न्यायालयात चालतो. तिथे एक गृहीतक तुमच्या विरोधात असतं: कृत्रिम साधन होतं हे सिद्ध झालं, की ते ग्राहकानेच अप्रामाणिकपणे केलं असं मानतात, उलट तुम्ही सिद्ध करेपर्यंत. नीट वाचा. साधन होतं हे आधी कंपनीला सिद्ध करावं लागतं. गंजलेलं सील म्हणजे कृत्रिम साधन नव्हे, हळू फिरणारा मीटरही नव्हे. साक्षीदारांच्या उलटतपासणीचा सगळा जोर तिथे लावायचा: पंच कोण होते, पाकीट सीलबंद होतं का, प्रयोगशाळेत कोणी उघडलं, अहवालावर कोणाची सही.

दिवाणी देणं किती, तेही हेच न्यायालय ठरवतं. 12 महिने किंवा चोरीचा खरा काळ, यातला जो कमी असेल त्यासाठी दुप्पट दर हे किमान. तुम्ही भरलेली रक्कम त्याहून जास्त निघाली तर फरक पंधरवड्यात व्याजासह परत द्यावा लागतो. हक्क राखून भरल्याचं पत्र तेव्हा हाताशी असावं.

ठपका नसलेला मीटरदोष

कागदावर 126 किंवा 135 काहीच नाही, फक्त 'मीटर हळू, मागील फरक' असं लिहून मोठं बिल आलं, तर वाट सोपी आहे. महाराष्ट्र विद्युत नियामक आयोगाच्या 2021 च्या पुरवठा संहितेनुसार सदोष मीटरचं बिल, वाद उद्भवला त्या महिन्याआधीच्या जास्तीत जास्त 3 महिन्यांपुरतं दुरुस्त होतं. दोन वर्षांचा फरक लावला असेल तर त्यावर बोट ठेवा.

आधी उपविभागात लेखी तक्रार, मग वीज ग्राहकांसाठीचा ग्राहक तक्रार निवारण मंच (हे ग्राहक कोर्ट नव्हे), कारण घडल्यापासून 2 वर्षांत. मंचाच्या आदेशावर 60 दिवसांत विद्युत लोकपाल. इथे वकिलाची गरज नाही, स्वतः बोलता येतं. पण 126 आणि 135 ची प्रकरणं मंच घेत नाही. त्यामुळे कधी कधी कार्यालय तोंडी 'ही चोरीची केस आहे' म्हणतं आणि कागदावर मात्र कलम नसतं. अशा वेळी मंचापुढे एकच मुद्दा लावून धरा: आदेश कुठे आहे, कलम कुठे लिहिलंय?

थकबाकीसाठी वीज तोडायला 15 पूर्ण दिवसांची लेखी नोटीस लागते, कलम 56. जुन्या चुकीचं बिल दोन वर्षांनंतर काढून त्यासाठी वीज तोडायची धमकी असेल, तर 2020 चा अजमेर विद्युत वितरण निगमचा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल वकिलाला दाखवा. मागणी करता येईल, पण त्यासाठी वीज तोडता येणार नाही, असं त्यात म्हटलं आहे.

ठपका येऊच नये म्हणून

गणपतीचा मांडव, शिमग्याची पालखी, शेजारच्या लग्नाचा मंडप यांना घरातून वायर टाकून वीज देणं आपल्याकडे शेजारधर्म मानतात. कायद्याच्या नजरेत ती मंजूर जागेबाहेर नेलेली वीज आहे. तात्पुरती जोडणी घ्या, चार दिवसांचीही मिळते. नारळी-पोफळीच्या बागेच्या शेतीपंपावरून पर्यटकांच्या टाक्या भरणं हेही त्याच जातीचं.

घरातच दोन खोल्या पाहुण्यांना देत असाल तर एक सवलत माहीत हवी. विद्युत नियामक आयोगाच्या गेल्या अनेक दर-आदेशांत, घराच्या एका भागात व्यवसाय करणाऱ्याचा वापर महिन्याला 300 युनिट आणि आधीच्या आर्थिक वर्षात 3,600 युनिटपर्यंत असेल तर घरगुती दरच लागतो, असं आहे. चालू आदेशात ते कसं आहे ते बघा आणि आपली बिलं मर्यादेच्या आत आहेत का ते मार्चअखेरीस ताडा. मर्यादा ओलांडत असाल तर वर्गवारी बदलायचा अर्ज आपणहून द्या. त्या अर्जाची पोच पुढे अप्रामाणिक हेतूच्या आरोपाला चोख उत्तर ठरते.

वादळानंतर दक्ष राहा. 3 जून 2020 च्या निसर्गनंतर आणि मे 2021 च्या तौक्तेनंतर किनाऱ्यावर किती तरी ठिकाणी खांब आडवे झाले, घरांचे मीटर भिंतीसकट पडले. अशा वेळी वीज लवकर यावी म्हणून जो भेटेल त्याच्याकडून जोडणी करून घेतली जाते, आणि सील नसलेला मीटर तसाच राहतो. मीटर पडला, भिजला, सील गेलं, तर त्याच आठवड्यात लेखी कळवा आणि नवा बसवताना मीटर बदली अहवालाची प्रत घ्या. त्यावर जुन्या मीटरचं शेवटचं रीडिंग आणि नव्या सीलचे क्रमांक असतात.

घर किंवा गाळा भाड्याने देताना करारात मीटर क्रमांक, सील क्रमांक आणि त्या दिवसाचं रीडिंग लिहा, मीटरचा फोटो जोडा, आणि भाडेकरू जाताना तोच मजकूर पुन्हा लिहून दोघांच्या सह्या घ्या. जुनं घर विकत घेत असाल तर खरेदीखताच्या दिवशीच मीटर तपासून मागायचा अर्ज द्या आणि जोडणी नावावर करून घ्या. आजोबांच्या नावावर चाललेली जोडणी असेल तर वारसांपैकी एकाच्या नावावर ती आताच करा. नाहीतर हरकतीवर सही कोणी करायची, इथूनच सुनावणी अडते.